अडतीस सेंटिमीटर जागा

आमच्या गिरणीच्या फरशीवर एक लाल रेघ आहे. डावीकडच्या भिंतीपाशी तिची जाडी एकोणीस मिलिमीटर आहे आणि उजवीकडच्या भिंतीपाशी चौतीस, कारण रंगवणाऱ्याच्या ब्रशमधला रंग मधेच संपला आणि त्याने ब्रश पुन्हा बुडवून उरलेली रेघ ओढली. सहा वर्षांत तिच्यावर गव्हाचं, ज्वारीचं, तांदळाचं पीठ पडलं, झाडलं गेलं, गिऱ्हाइकांच्या चपला घासल्या, तरी ती गेली नाही. पप्पा म्हणतात, सरकारचं बाकी काही टिको न टिको, रंग टिकतो.

रेघेच्या बाहेरची जागा रुंद होणाऱ्या रस्त्याची आणि आतली आमची, असा त्या रेघेचा अर्थ आहे. गिरणी घाटकोपरहून साकीनाक्याकडे जाताना लागणाऱ्या चढावर आहे. आजोबा जालन्याकडून आले, साकीनाक्याच्या एका वर्कशॉपमध्ये वीस वर्षं राबले आणि निवृत्त होताना ही जागा घेतली. शटरपासून मागच्या भिंतीपर्यंत खोली चार मीटर बेचाळीस सेंटिमीटर खोल आहे. रेघ शटरपासून दोन मीटर दहावर. यंत्र आणि मोटर मागे असल्याने ती दोन्ही रेघेच्या आत, सुरक्षित. फक्त यंत्र आणि रेघ यांच्यामध्ये अडतीस सेंटिमीटर उरतात. तिथे माझे वडील उभे राहतात.

मी साकीनाक्यालाच एका प्रयोगशाळेत काम करते. लोकांची मोजमापाची उपकरणं बरोबर मोजतात की नाही, हे आम्ही मोजतो. त्यामुळे भूसंपादनाची नोटीस आली तेव्हा कागदपत्रांचं सगळं माझ्याकडे आलं, आणि तिथूनच उशीर सुरू झाला असं आईचं म्हणणं आहे. पहिली हरकत मी घेतली ती रेघेच्या जाडीवर. जमीन रेघेच्या बाहेरच्या कडेपर्यंत घेणार की आतल्या? दोन्हींत क्षेत्रफळाचा जो फरक पडत होता तो टाइप करायच्या कागदाहून थोडा मोठा होता. उत्तर सात महिन्यांनी आलं: रेघेचा मध्य ग्राह्य धरावा. दुसरी हरकत, मोजणीदार धवल ज्या लेझरच्या यंत्राने मोजत होता त्याच्यावरच्या तपासणीच्या चिठ्ठीची मुदत संपलेली होती. ते यंत्र तपासणीला पाठवलं गेलं आणि नेमकं आमच्याच प्रयोगशाळेत आलं. मी नियमाप्रमाणे त्याला हात लावला नाही. शेजारच्या टेबलावरच्या श्रुतिकाने ते तपासलं. चूक निघाली एक मिलिमीटरहून कमी. पाच महिने गेले.

आई तेव्हा एवढंच म्हणाली, "तू लहानपणी पोळीसुद्धा पट्टी लावून मोडायचीस."

आईचा प्रश्न मात्र मिलिमीटरचा नव्हता. आम्ही गिरणीच्या वर राहतो. वर जायला चौदा लोखंडी पायऱ्या आहेत आणि प्रत्येक पायरी चोवीस सेंटिमीटर उंच, म्हणजे चांगल्या इमारतीतल्या पायरीच्या जवळजवळ दीडपट. आईचे दोन्ही गुडघे गेलेत. गेले दोन महिने ती खाली उतरलीच नव्हती. खोलीच्या फरशीत, बरोबर यंत्राच्या वर, एक चौकोनी झडप आहे. पूर्वी आजोबा तिच्यातून पोती वर ओढायचे. आई त्या झडपेतून दोरीने टोपली खाली सोडते. पप्पांचं जेवण, चहाचा थर्मास, चष्मा, कधी एखादा टोमणा, असं सगळं त्या वाटेने येतं. डॉक्टरांनी लिफ्ट असलेलं घर बघायला सांगितलं होतं.

नुसती रेघेबाहेरची जागा गेली तर मिळणाऱ्या भरपाईत लिफ्टचं दारही आलं नसतं. पण कायद्यात एक कलम आहे. इमारतीचा एक तुकडा घेतल्यावर उरलेला भाग पूर्वीसारखा वापरता येत नसेल आणि मालकाची तशी इच्छा असेल, तर सरकारने सगळीच जागा घ्यायची आणि सगळ्या जागेची भरपाई द्यायची. दर, त्यावर तेवढीच दिलासा रक्कम, वरच्या खोलीचे वेगळे. तेवढ्या पैशांत मुलुंड पूर्वेला लिफ्टच्या इमारतीत एक लहानसा ब्लॉक येत होता. आईने तो मोबाइलवर इतक्या वेळा पाहिला होता की तिला त्याच्या मोरीच्या फरशीचा रंग पाठ होता.

'मालकाची इच्छा' एवढीच अडचण होती. मालक म्हणजे पप्पा, आणि पप्पांची इच्छा सहा वर्षांत कोणाला कळली नव्हती. विचारलं की ते म्हणायचे, "एवढं दळण होऊ दे, मग बघू." गिरणीत दळण संपत नाही, हे सगळ्यांना ठाऊक होतं. शेवटी अर्ज मी लिहिला आणि दोन डब्यांच्या मधल्या वेळात त्यांच्यापुढे धरला. त्यांनी तो न वाचता सही केली. कागदावर अंगठ्याचा पिठाचा ठसाही उमटला, तो मी झटकला नाही.

अर्जाला पुरावा हवा, म्हणून मी पप्पांची जाडी मोजली. त्यांना भिंतीला पाठ लावून उभं केलं, पोटाला पोळपाट टेकवला आणि भिंतीपासून पोळपाटापर्यंतचं अंतर घेतलं. तीन वेळा मोजून सरासरी काढली: एकेचाळीस सेंटिमीटर. मग पोट आत घ्यायला सांगून पुन्हा तीनदा मोजलं: सदतीस. दोन्ही आकडे मी अर्जात लिहिले. एकच वाचन दिलं तर ते मोजमाप राहत नाही, मत होतं.

दोन महिन्यांनी पत्र आलं. "अर्जासोबतच्या मोजमापानुसार अर्जदार पोट आत घेतल्यास उरलेल्या जागेत मावतो असे दिसते. सबब उरलेल्या जागेत गिरणी प्रत्यक्ष चालवून पाहणी करण्यात येईल."

मी ते झडपेखाली उभं राहून मोठ्याने वाचलं.  मग आई म्हणाली, "त्यांना पोट आत घ्यायला लावायला तुला सांगितलं कोणी?"

पाहणीची बातमी समोरच्या वनमालाताईंना आमच्याही आधी कळली असावी. त्या मालवणच्या, चकल्या करून विकतात आणि त्यांची भाजणी तीस वर्षं पप्पांच्या दगडांतून निघते. गिरणी गेली तर सगळ्यात मोठं नुकसान त्यांचं होतं, पण आईचे गुडघे त्यांनी पाहिले होते, त्यामुळे त्यांनी आमची बाजू घेतली आणि पप्पांची शिकवणी सुरू केली. साहेबांसमोर भरड काढायची, कोंबड्यासुद्धा नाक मुरडतील अशी. मधेच धाप लागली म्हणून थांबायचं. एकदा तरी कोपर यंत्रावर आपटायचं. पप्पा बाजरी चाळत सगळं ऐकून घेत होते आणि मान हलवत होते. त्यांची मान मात्र यंत्राच्या हादऱ्यानेही हलते.

"तुमच्या पोटाक आता सरकारी माप लागतलां," वनमालाताई जाताना म्हणाल्या. "घरात दोन घास जास्तच खावा."

पाहणी सकाळी अकराला होती. अधिकारी अडीचला आले. तोपर्यंत एकची टोपली खाली उतरली होती: तीन भाकऱ्या, सुकट आणि भात. जेवणानंतरचं वाचन माझ्या अहवालात नव्हतं, हे मला त्या वेळी लक्षात आलं.

श्यामकांत कारखानीस हे भूसंपादन अधिकारी अंगाने काठीसारखे होते आणि निवृत्तीला त्यांचे आठ महिने उरले होते. सहा वर्षांत ते आमच्याकडे चौथ्यांदा येत होते. कुठल्याही प्रश्नाला त्यांचं एकच उत्तर असे: कळवू. पाणी हवं का विचारलं तरी ते आधी विचारात पडत. या वेळी त्यांच्या हातात फाइल होती आणि दुसऱ्या हातात स्टीलचा पाच किलोचा डबा. चाचणीचं धान्य अर्जदाराकडचं नको, त्रयस्थाकडचं हवं, असा त्यांनी नियम शोधला होता, आणि ऐन वेळी दुसरा त्रयस्थ न मिळाल्याने घरचे गहू आणले होते. डब्याच्या झाकणावर त्यांच्या पत्नीने चिठ्ठी चिकटवली होती. अक्षर टपोरं होतं. 'चपातीला. बारीक. बाजरीवर नको. – शुभा.'

नेमकी त्या वेळी बाजरीच चालू होती. पप्पा यंत्राच्या उजव्या टोकाला, पीठ जिथे कापडी नळीतून डब्यात पडतं तिथे उभे होते. यंत्राला तिथे गोलाई असल्याने माणसाला दोनेक सेंटिमीटर जास्त मिळतात. कारखानीस म्हणाले, बंद करू नका, आहे तसंच चालू राहू द्या. मग धवलने आणलेल्या प्लायवूडच्या दोन फळ्या पप्पांच्या पाठीमागे, रेघेच्या बरोबर मध्यावर उभ्या केल्या गेल्या आणि बांबूंना बांधल्या. डाव्या टोकाला दाराएवढी मोकळी जागा ठेवली. फळीची उंची सहा फूट. पप्पा दिसेनासे झाले. वर फक्त त्यांची पांढरी टोपी राहिली, आणि भिंतीवरच्या तसबिरीतले बुद्ध.

मी डावीकडच्या त्या दारात उभी राहून आत बघत होते. अरुंद बोळात वडील पाठ फळीला लावून, पोट किंचित आत घेऊन उभे होते. त्यांच्या आणि माझ्या मध्ये यंत्राचं लोखंडी चाक. दोन दगडांमधलं अंतर त्या चाकाने कमी-जास्त करतात; आत फिरवलं की दगड जवळ येतात आणि पीठ बारीक निघतं.

साहेबांचा डबा फळीवरून आत दिला गेला. वनमालाताई आत येऊन माझ्या मागे थांबल्या होत्या. पप्पांनी डब्यात हात घातला, मूठभर गहू उचलले, नाकाशी नेले. त्यांनी ते नाकाशी नेले तेव्हाच मला अंदाज आला.

"लोकवन आहे," ते फळीपलीकडून म्हणाले. "वहिनींनी निवडलाय चांगला. खडा नाही एक."

कारखानीसांनी फाइल एका हातातून दुसऱ्या हातात घेतली.

पप्पांनी त्यातले दोन मुठी गहू आधी दळून घेतले आणि ते पीठ वेगळ्या ताटलीत काढून ठेवलं. बाजरीवरचं पहिलं गव्हाचं पीठ गिऱ्हाइकाच्या डब्यात जाऊ द्यायचं नाही, हा आजोबांपासूनचा रिवाज. वनमालाताई माझ्या खांद्यावरून भरड, भरड असं ओठांनी सांगत होत्या. पप्पांनी त्यांच्याकडे पाहिलं. मला खात्री आहे, त्यांनी पाहिलं आणि त्यांना कळलंही. मग त्यांचा हात चाकावर गेला, आणि त्यांनी ते पाव फेरा आणखी आत घेतलं.

अडतीस सेंटिमीटर जागेत माझे वडील त्या दिवशी जसं वागले तसं मी कोणाला वागताना पाहिलेलं नाही. वाकायला जागा नव्हती, तर फळीवरून पाठ घसरवत ते खाली बसले आणि पिठाला हात लावून तसेच वर आले. वरच्या नरसाळ्यात गहू ओतायला कोपर उचलता येत नव्हतं, तर त्यांनी डबा डोक्यावर टेकवला आणि मान कलती केली. पीठ अंगठा आणि तर्जनीमध्ये चोळून पाहिलं, चाक अगदी केसभर सैल केलं, पुन्हा पाहिलं. धाप लागली नाही. कोपर आपटलं नाही. शेवटी लाकडी दांडक्याने कापडी नळीवर चार ठोके मारून उरलंसुरलं पीठ डब्यात उतरवलं. मी वेळ लावली होती. सव्वाचार मिनिटं.

डबा फळीवरून बाहेर आला. गव्हापेक्षा पीठ जास्त जागा घेतं. डब्यावर शीग चढली होती. कारखानीसांनी आधी इकडेतिकडे पाहिलं, मग दोन बोटं पिठात घातली. पुष्कळ वेळ काढली नाहीत.

"वाट लागली," वनमालाताई म्हणाल्या आणि आमच्या पायरीवर बसल्या.

वर झडप उघडली. आईने विचारलं, "झालं का?" मी म्हटलं, झालं. "कसं काढलं?" मी खरं ते सांगितलं, बारीक. झडप बंद झाली. आपटली नाही, नुसती बंद झाली, आणि ते जास्त वाईट होतं. मुलुंडचा ब्लॉक, त्याची लिफ्ट, मोरीची निळसर फरशी, सगळं त्या झडपेबरोबर बंद झालं असं मला वाटलं.

धवल पायरीवर फाइल ठेवून साहेब सांगतील तसं लिहीत होता. अर्जदाराने उरलेल्या जागेत उभे राहून पाच किलो गहू दळले. पीठ समाधानकारक. कारखानीसांनी 'समाधानकारक' खोडायला लावलं आणि 'उत्तम' लिहायला सांगितलं. त्यांचा स्वभाव पाहता ते टोकाचं विधान होतं.

आत पप्पांनी यंत्र थांबवलं. पट्टा सुस्कारा टाकल्यासारखा थांबला. मग त्यांनी चाक धरलं आणि सवयीप्रमाणे बाहेर फिरवलं, एक फेरा, दोन, अडीच. दगड एकमेकांपासून सुटे झाले. कारखानीस म्हणाले, या आता बाहेर, सही करायची आहे.

पप्पा कडेकडेने माझ्या दिशेने सरकले आणि चाकापाशी थांबले. पोट आत घेतलं. पुन्हा घेतलं. मग ते चाकाकडे बघत उभे राहिले.

माझ्या पर्समध्ये टेप असतो. मी दारातून हात घालून मोजलं. चाकापासून फळीपर्यंत चौतीस सेंटिमीटर. मी अर्जासाठी मोजलं होतं तेव्हा गिरणी चालू होती, आणि चालू गिरणीचं चाक आत गेलेलं असतं. बंद गिरणीचं चार सेंटिमीटर बाहेर येतं. सहा वर्षं मी रेघेच्या जाडीवर आणि लेझरच्या मिलिमीटरवर पत्रं लिहीत होते आणि रोज रात्री, सव्वानऊला, ते चाक बाहेर येताना बघत होते. पोट आत घेतलेला माणूस सदतीस. जेवलेला किती, ते मोजायची आता गरज नव्हती.

"अहो मग फिरवा ना चाक आत," वनमालाताई उठून म्हणाल्या. "या बाहेर आणि काय ती सही करा."

"नाही," पप्पा म्हणाले. "रिकाम्या दगडाला दगड लावायचा नाही."

धवल म्हणाला, काका, मिनिटाचा प्रश्न आहे. पप्पा म्हणाले, प्रश्न मिनिटाचा नाही, टाकीचा आहे. दगडांना परवाच टाकी लावून घेतली होती, म्हणजे नव्याने घाव घालून त्यांना धार आणली होती, आणि मध्ये दाणा नसताना दगड दगडावर टेकला तर धार मरते. आजोबांनी इतक्या वर्षांत ते कधी केलं नव्हतं. पप्पांनीही केलं नव्हतं. सरकारसाठी करणार नव्हते.

मग पुन्हा दाणे घाला, चालू करा, चाक आत घ्या आणि चालू गिरणीतून बाहेर या, असं धवलने सुचवलं. चालू गिरणी सोडून जायचं नसतं, असं पप्पांनी सांगितलं. ते इतकं शांतपणे सांगितलं की धवलने दुसऱ्यांदा विचारलं नाही. तो फळी सोडवायला पुढे झाला, पण कारखानीसांनी त्याला थांबवलं. पंचनामा पूर्ण व्हायचा होता. तोवर ही फळी नव्हती, भिंत होती, आणि भिंत हलवता येत नाही.

"झडपेतून वर ओढा की," रस्त्यातून कोणीतरी म्हणालं. एव्हाना दळणाचे डबे घेतलेली सहा-सात माणसं जमली होती.

वरून आईचा आवाज आला. झडप पुन्हा उघडली होती. "मला खाली येता येत नाही, हे वर येणार?"

कारखानीस बराच वेळ धवलने लिहिलेल्या कागदाकडे बघत राहिले. मग त्यांनी पेन स्वतःच्या हातात घेतलं, एक ओळ लिहिली, खोडली, पुन्हा लिहिली. मी वाकून वाचलं. 'उरलेल्या जागेत गिरणी उत्तम चालते. गिरणी बंद केल्यावर गिरणीवाला बाहेर येऊ शकत नाही.' त्यांनी चष्मा काढून पुसला. त्यावर पीठ होतं, ते आणखी पसरलं.

"आता मी याला उपयुक्त लिहू की अनुपयुक्त?" ते म्हणाले. ते कोणाला विचारत होते ते कळत नव्हतं. सहा वर्षांत त्यांनी आम्हाला विचारलेला तो पहिला प्रश्न होता. वनमालाताई म्हणाल्या, साहेब, कळवा सावकाश, माणूस आहे आतच.

मग त्यांनी माझा अर्ज काढला, पिठाच्या अंगठ्याचा ठसा असलेला. फळीजवळ जाऊन ते टोपीच्या दिशेने बोलू लागले. कायद्यात मालकाच्या इच्छेला महत्त्व आहे, असं त्यांनी सांगितलं. इथे इच्छा लिहिलेली आहे, पण अक्षर मुलीचं आहे. भाषाही मुलीचीच दिसते; सबंध अर्जात एक दशांशचिन्ह चुकलेलं नाही. दोन्ही बाजूंनी लिहिता येईल असं प्रकरण समोर असताना त्यांना इच्छा मालकाच्या तोंडून ऐकायची होती.

"अंबादासराव, तुम्हाला काय हवंय? ही गिरणी ठेवायची आहे की सगळी द्यायची आहे?"

 मी दारातून पाहिलं. पप्पा चाकावर हात ठेवून उभे होते. भुवयांवर पीठ. ते यंत्राकडे बघत होते, आणि ते आता काय म्हणणार हे आम्हा सगळ्यांना पाठ होतं.

"साहेब, एवढं दळण..."

"झालं की दळण," आई वरून म्हणाली.

पप्पांनी मान वर केली. झडप बरोबर त्यांच्या डोक्यावर होती. त्यात आईचा चेहरा, चौकटीत बसवल्यासारखा. दोन महिन्यांत ती त्यांच्याकडे दिवसातून दहा वेळा अशी बघायची, पण ते तेव्हा दळत असायचे. त्यांनी तिला वर बघून पाहिलं होतं की नाही, मला सांगता येणार नाही.

"किती वेळ झाला तुम्हाला आत?" तिने विचारलं.

पप्पांनी माझ्याकडे पाहिलं. मी घड्याळ पाहून सांगितलं, बावीस मिनिटं.

"दार दिसतंय, पण जाता येत नाही. असंच ना?" आई म्हणाली. आवाज चढलेला नव्हता. ती रोज टोपलीत काय ठेवलंय ते सांगते, त्याच आवाजात बोलत होती. "तुमची ही फळी साहेब काढतील थोड्या वेळाने. माझ्या पायऱ्या कोण काढणार आहे?"

 मग तिने टोपली खाली सोडली. दोरी लहान लहान झटक्यांनी उतरत आली. आत पाण्याचा तांब्या होता, वर झाकण. पप्पांनी तांब्या घेतला, पाणी प्यायले, रिकामा तांब्या पुन्हा टोपलीत ठेवला आणि तो कलंडणार नाही असा नीट बसवला. टोपली वर गेली. ती झडपेतून दिसेनाशी होईपर्यंत ते बघत राहिले.

 वनमालाताईंच्या भाजणीचा डबा रांगेत दुसरा होता. त्यांनी तो पायाने हळूच बाजूला सरकवला.

पप्पांनी लाकडी दांडकं उचललं आणि कापडी नळीवर ठोके मारले. नळी रिकामी होती. चिमूटभर पीठ उडालं आणि त्यांच्या टोपीवर बसलं. मग त्यांनी दांडकं त्याच्या खिळ्याला अडकवलं.

"साहेब," ते म्हणाले, "वहिनींच्या डब्याला आत्ता झाकण लावू नका. पीठ गरम आहे, घाम धरेल."

"नाही लावत," कारखानीस म्हणाले. पेन कागदावर टेकलेलं होतं.

"दगड माझे मी घेऊन जाईन."

"ते तुमचेच आहेत."

पप्पांनी घसा खाकरला.

"मग लिहा," ते म्हणाले. "गिरणी सगळी घ्या."